चोविसावी चादर

१

सोमवारी सकाळी पावणेअकरा वाजता हेडमास्तर ईश्वरप्पा कलशेट्टी यांनी टेबलावर अकरा उत्तरपत्रिका पत्त्यांसारख्या पसरल्या आणि प्रत्येकीवरच्या एकाच आकड्यावर जाड पेन्सिल आपटत गेले.

"तेवीस. तेवीस. ही बघा, तेवीस. ही अक्षर लपवून लिहितेय, तरी तेवीसच! अकरा मुली आणि चूक एक! दाक्षायणीबाई, बरोबर उत्तर अकराजणींचं सारखं येतं, मान्य. चूक सारखी येत नसते. चूक ज्याची त्याची असते."

दाक्षायणी समोर उभी होती. नऊ महिन्यांच्या नीलाला दात येत होते. त्या दोन दातांपायी घरातल्या कुणाच्या डोळ्याला डोळा नव्हता. खांद्यावर दुधाची ओकारी वाळून कडक झाली होती, आणि ती झाकायला घेतलेला पदर सारखा घसरत होता. तशात हे तेवीस.

"सर, उदाहरण तरी बघू द्या."

शाळेचा नियम असा, की जो वर्गाला गणित शिकवतो त्याने निवड चाचणीचा पेपर काढायचा नाही, तपासायचा नाही, त्याला हातसुद्धा लावायचा नाही. सातवीला गणित दाक्षायणी शिकवी. म्हणून पेपर काढला महिपती गुरुजींनी. उत्तरांची यादीही त्यांनीच केली. ती पाकिटात घालून, लाखेची मोहोर मारून हेडमास्तरांच्या कपाटात ठेवली. शनिवारी सकाळी चाचणी झाली. दुपारी हेडमास्तरांनी शिपाई रेवणप्पाच्या समोर मोहोर फोडली. लाख अगदी शाबूत होती, हे त्यांनी दोनदा सांगितलं. मग गुरुजी तपासायला बसले.

सातवं उदाहरण असं होतं : एका मागावर साठ मीटर लांबीचा ताणा चढवला आहे. एका चादरीला अडीच मीटर ताणा लागतो, तर किती चादरी विणून होतील?

"चोवीस," दाक्षायणी म्हणाली.

"चोवीस! तुम्हाला येतं, मला येतं. या अकराजणींनाच तेवीस कुठून सुचलं? अकराही जणी सकाळी सात वाजता तुमच्या त्या फुकट वर्गाला येतात. म्हणजे पेपर आधी फुटला, कुणीतरी बसून सोडवून दिला, आणि देणाऱ्यानं घाईत एक चादर गाळली."

कुणीतरी म्हणजे कोण, हे त्यांनी सांगितलं नाही. सांगायची गरजही नव्हती.

कोपऱ्यातल्या खुर्चीत महिपती गुरुजी टोपीशी चाळा करत बसले होते. मूळचे केम गावचे. तीस वर्षं शाळेत काढलेली. संध्याकाळी घरी शिकवण्या घेत. ते हळूच म्हणाले, "जाऊ द्या सर. लेकरं आहेत. दहा दहा मार्क कापले की मिटलं. चौकशीबिवकशी कशाला?"

दाक्षायणीला भरून आलं. एवढ्या शाळेत एक माणूस तरी तिच्या बाजूनं बोलला.

"मिटवायला ही भाजी मंडई आहे का?" हेडमास्तर कडाडले. "पाच वाजेपर्यंत कचेरीत नावं गेली पाहिजेत. साठ टक्क्यांच्या वरच्या मुली शिष्यवृत्तीला बसणार. या अकरा नावांवर मी काट मारणार. आणि बाई, तुमची नेमणूक मार्चअखेरपर्यंतची आहे. अहवालात काय लिहू, ते तुम्हीच सांगा."

अकरा नावं. शिष्यवृत्ती मिळाली तर आठवी. नाही मिळाली तर त्यातली कुणी मागासाठी सुताच्या कांड्या भरायला बसणार, कुणी विड्या वळायला. जूनमध्ये वर्ग भरेल तेव्हा बाक तेच असतील.

"आणि हा पेपर बघा." हेडमास्तरांनी एक उत्तरपत्रिका वेगळी काढली. "जगदेवी. शंभरपैकी शंभर! दोन ठिकाणी खाडाखोड आहे, पण उत्तर चोख. ही तुमच्या वर्गाला येत नाही, गुरुजींच्या शिकवणीला जाते. नववं उदाहरण बत्तीसजणींत तिघींचंच बरोबर आलं, त्यात ही. एकोणतीस लाल फुल्या! काय शिकवता तुम्ही?"

"मला चार वाजेपर्यंत वेळ द्या सर."

"चार. चार वाजून एक मिनिटानं मी यादी लिहायला घेणार."

२

रेवणप्पा व्हरांड्यात पेपर छापायच्या यंत्राचा रूळ पुसत होता. कोपरापर्यंत शाई.

"रेवणप्पा, खरं सांगा. पेपर कुणाला दाखवलात?"

"शिवाची आण बाई, मी कुणाला दाखवलो न्हाई. छापलो, मोजलो, सरांच्या हातात दिलो. बत्तीस म्हणजे बत्तीस."

"आणि खराब निघालेले कागद?"

"जाळलो की."

इतक्या लगेच उत्तर आलं, की दाक्षायणी त्याच्याकडे बघत राहिली. मग मधल्या सुट्टीची घंटा झाली म्हणून तो घाईघाईनं यंत्रावर फडकं टाकून गेला.

फाटकाशी मथुराबाई भाजलेल्या शेंगा विकायला बसे. पाचवीतली एक मुलगी शेंगांचा पुडा घेऊन समोरून आली, आणि दाक्षायणीच्या नाकाला वास आला तो शेंगांचा नव्हता. शाईचा होता. तिनं पुडा मागून घेतला, शेंगा मुलीच्या ओच्यात रिकाम्या केल्या आणि कागद उलगडला.

वरचा अर्धा भाग शाईनं बरबटलेला होता. खाली मात्र स्वच्छ वाचता येत होतं : नऊ. खळ दिल्यावर सुताचं वजन शेकडा पंचवीस वाढतं. खळ दिलेलं सूत साठ किलो भरलं, तर कोरं सूत किती किलो होतं?

निवड चाचणीचा पेपर शाळेच्या फाटकात शेंगांबरोबर विकला जात होता.

"मथुराबाई, हे कागद कधी मिळाले?"

"शनवारी दिवं लागताना. तुमच्या शिपायानंच आणून दिलं की. अर्धी पायली शेंगा नेल्या फुकटच्या."

"सकाळी नाही? शुक्रवारी नाही?"

"शुक्रवारी मी हितं कुटं व्हते? भाचीच्या साखरपुड्याचं जेवण जेवत व्हते. का वं बाई, लई मोलाचा हाय का कागद? परत देऊ का बाकीचं?"

मागे रेवणप्पा येऊन उभा राहिला होता. त्याचं तोंड शाईपेक्षा काळं झालं होतं. "परीक्षा झाल्यावर दिलो बाई. आधी न्हाई. घरी चार पोरं हायत, शेंगांची चटणी तरी होते म्हणून... सरांना सांगू नका."

म्हणजे शेंगांचा पुडा शनिवार संध्याकाळचा आणि तेवीस शनिवार सकाळचं. अख्खी मधली सुट्टी त्यात गेली होती. दाक्षायणीनं तो चुरगळलेला कागद वैतागून पिशवीत कोंबला.

३

अकराही जणींना हेडमास्तरांनी व्हरांड्यात ओळीनं बसवलं होतं. त्यांतली सगळ्यांत धीट अंबुबाई चिलका. ती एरवी एका वाक्यात तीन प्रश्न विचारायची. आज गुडघ्यात मान घालून होती.

"अंबू, तेवीस कुणी सांगितलं?"

"कुणी नाही बाई."

"मग लिहिलंस कसं?"

"तेवीसच होतात की."

दाक्षायणीनं खडू दिला. "फरशीवर भागाकार कर."

अंबूनं अडीचचे पाच छेद दोन केले, उलटे करून गुणले, साठ दुणे एकशेवीस, भागिले पाच. चोवीस. एकही चूक नाही.

"किती आले?"

"चोवीस."

"मग चादरी किती?"

"तेवीस."

"अगं बये!" दाक्षायणीचा आवाज चढला. "हातानं चोवीस करतेस आणि तोंडानं तेवीस म्हणतेस! तुमच्यापैकी कुणाला चोवीस वाटतंय का?"

अकरा माना एकदम हलल्या. नाही. ढोर मेहनत करून शिकवलेल्या, रोज सकाळी डोळे चोळत येणाऱ्या, तिच्या लाडक्या अकरा माना. त्या क्षणी तिला त्यांना पोटाशी धरावं की एकेकीच्या पाठीत धपाटा घालावा, कळेना.

"बाई, तुम्हीच सांगता ना," अंबू मुसमुसत म्हणाली, "की शाब्दिक उदाहरण म्हणजे गोष्ट असते, आधी ती डोळ्यापुढं आणायची, मग—"

"अजून पढवणं चाललंय का?" दारातून हेडमास्तरांचा आवाज आला, आणि अंबूच्या तोंडातलं वाक्य तिथंच राहिलं. अकराही जणी एकदम रडायला लागल्या. खिडकीतून दिसणाऱ्या घड्याळात साडेबारा झाले होते, आणि तिकडे घरी नीलाची दुधाची वेळ टळत होती.

४

दाक्षायणीची खोली साखर पेठेत, वरच्या मजल्यावर. खाली नरसम्माचे दोन हातमाग. नऊ महिने त्या खटखटीच्या तालावर दाक्षायणीनं पाळण्याची दोरी ओढली होती. नीला त्या आवाजानं झोपे आणि रविवारी तो बंद पडला की जागी होई.

"अय्य शिवा, आलीस का!" सासूबाई चंद्रव्वांनी नीलाला तिच्या हातात दिलं. "माझं बोट चावून चावून चाळण केली हिनं. पगार तुला, चावे मला."

"चाव्यांचासुद्धा पगार मार्चपर्यंतच आहे आत्याबाई."

नीला आईच्या कुशीत शिरून घटाघट पिऊ लागली. त्या इवल्या कपाळावरचा घाम फुंकताना दाक्षायणीला अंबूचं अर्धवट वाक्य आठवलं. गोष्ट डोळ्यापुढं आणायची. बरं. आणली. मग? तिच्या डोळ्यापुढं काय होतं? पाटी. पाटीवर साठ, पाटीवर अडीच.

आणि अंबूच्या डोळ्यापुढं?

ती नीलाला तशीच छातीशी धरून जिना उतरली. चंद्रव्वा वरून ओरडत राहिल्या, "अगं, दोन घास तरी!"

"नरसम्मा, साठ मीटर ताण्यात अडीच मीटरच्या चादरी किती निघतात?"

"तेवीस," नरसम्मा म्हणाली. धोटा थांबलासुद्धा नाही.

"चोवीस का नाही?"

आता धोटा थांबला. नरसम्मानं चष्मा वर करून, आकाशातून पडलेल्या माणसाकडे बघावं तसं बघितलं. "मास्तरीण म्हणं तुमी? हिकडं या. पोरगी सांभाळा, दोरा तुटंल." तिनं फणीच्या मागे बोट दाखवलं. "विणायचं हितं. अन् ताणा गुंडाळलाय तितं, मागं. हितनं तितपर्यंत मीटर-सव्वा मीटर झालं की न्हाय? शेवटाला हे एवढं मागावरच राहतंय. हात पोचत न्हाय, धोटा जात न्हाय. त्याच्याच टोकांना नव्या ताण्याचे दोरे सांधायचे. साठातनं ते वजा करा. मग काढा चोवीस."

साठातून सव्वा गेले की पावणेएकोणसाठ. तेविसाव्या चादरीला साडेसत्तावन्न संपले. उरले सव्वा. सव्वा मीटरची चादर नीलाला झाली असती, शिष्यवृत्तीच्या पेपराला नाही.

दाक्षायणी तिथंच पायरीवर बसली आणि डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. अकराजणींनी चोरी केली नव्हती. बाईंचं ऐकलं होतं, एवढंच.

मग तिनं पिशवीतून शेंगांचा कागद काढून नववं उदाहरण नरसम्माला वाचून दाखवलं. नरसम्मा खो खो करत सुटली. "शंभराला पंचवीस खळ? ते सूत न्हाय बाई, भाकरी हाय. कोण लिवतंय असलं?"

"आमचे एक गुरुजी." दाक्षायणी उठली. जाता जाता सहज तिनं दुसऱ्या मागाकडे पाहिलं. नवा ताणा चढलेला, शेकडो गाठी एका रेषेत. "किती सुंदर सांधलाय हो. कुणी?"

"जगदेवीनं. तिची आई ह्या मागावर असती न्हवं? शाळा सुटली की पोरगी येती, गाठी मारती. माझ्यापरीस सरळ बोट हाय तिचं."

दाक्षायणीचं हसू मावळलं. गाठी मारणारी जगदेवी. तो शेवटचा सव्वा मीटर रोज ज्या बोटांतून जातो, ती जगदेवी.

मग तिनं चोवीस कसं लिहिलं?

५

अडीच वाजता ती हेडमास्तरांच्या खोलीत न विचारता शिरली. "सर, सगळा गठ्ठा द्या. नियम मला माहीत आहे. तुमच्यासमोरच बघते, शाईचं पेनसुद्धा हातात घेत नाही."

तिच्या काखेत नीला होती. मूल घेऊन शाळेत येणं हाही नियमभंगच होता, पण हेडमास्तर तो बोलून दाखवण्याआधी नीलानं त्यांची जाड पेन्सिल उचलून हिरड्यांत धरली. त्यांनी गठ्ठा पुढे सरकवला.

जगदेवीची उत्तरपत्रिका वर होती. सातवं उदाहरण. उत्तर : चोवीस. त्याच्या आधी दोन आडव्या रेघांखाली काहीतरी खोडलेलं. दाक्षायणीनं कागद खिडकीच्या उजेडात धरला. खोडलेलं होतं ते तेवीस.

नववं उदाहरण. रीत नेटकी मांडलेली : कोरं सूत शंभर, तर खळीचं एकशेपंचवीस. म्हणून साठ गुणिले शंभर भागिले एकशेपंचवीस. बरोबर...

बरोबर अठ्ठेचाळीस. आणि त्या अठ्ठेचाळिसावर दोन रेघा. शेजारी नवा आकडा : पंचेचाळीस. त्यावर लाल शाईची ठसठशीत बरोबरची खूण.

दाक्षायणीनं डोळे मिटून मनात आकडे फिरवले. मग भराभर गठ्ठा चाळला. अंबू, अठ्ठेचाळीस, फुली. पुढची, अठ्ठेचाळीस, फुली. एकवीस मुलींचं अठ्ठेचाळीस, एकवीस फुल्या. आठजणींचं भलतंच काही, त्यांनाही फुली. दोघींनी साठातून पंधरा सरळ वजा करून पंचेचाळीस काढलेलं, त्यांना दहा दहा मार्क.

"सर," ती म्हणाली, "चूक मुलींची नाही. उत्तरांच्या यादीची आहे."

"यादी मोहोरबंद होती!"

"म्हणूनच म्हणते. महिपती गुरुजींना बोलवा. आणि जगदेवीला."

६

महिपती गुरुजी आले ते बोलतच. "मी सकाळीच म्हणालो, विषय मिटवा म्हणून—"

"गुरुजी, खळ दिलेलं साठ किलो. कोरं किती?"

"पंचेचाळीस. साठाचे पंचवीस टक्के पंधरा. गेले पंधरा, राहिले पंचेचाळीस."

"मग त्या पंचेचाळिसाला खळ द्या. पंचेचाळिसाचा पाव किती?"

"सव्वाअकरा."

"मिळवा."

"सव्वाछप्पन्न..." गुरुजी थांबले.

"साठ व्हायला हवे होते. पावणेचार किलो सूत कुठे गेलं गुरुजी? वाढ झाली कोऱ्या सुतावर, तुम्ही वजा केलीत खळीच्या सुतातून. पंचवीस टक्के दोन्हीकडे आहेत, पण कशाचे, हे बघायला नको?"

हेडमास्तर पेन्सिल शोधू लागले. ती नीलाकडे होती. त्यांनी बोटांवर हिशेब केला, दोनदा केला आणि कानाच्या पाळीपर्यंत लाल झाले.

"अकराजणींचं तेवीस मागावर शिकलेलं आहे," दाक्षायणी म्हणाली आणि नरसम्माचा सव्वा मीटर तिनं थोडक्यात समजावून सांगितला. "आता ऐका. फुटलेला पेपर ओळखायचा कसा? जिचं उत्तर चुकलं ती नव्हे. जिचं बरोबर आलेलं उत्तर तिनंच खोडलं, ती. वर्गात बसून अठ्ठेचाळीस काढलेली मुलगी पंचेचाळीस कशासाठी लिहील? प्रश्न हाती लागल्यानं कुणी असं करणार नाही, म्हणजे रेवणप्पा सुटले. यादीतला आकडा ठाऊक असेल तरच असं होईल. यादी पाकिटात. लाख शाबूत, सर, हे तुम्हीच दोनदा सांगितलंत. म्हणजे आकडा पाकिटातून निघाला नाही. पाकिटात जाण्याआधी ज्याच्या डोक्यात होता, त्याच्याकडून निघाला."

दारात जगदेवी उभी होती. दोन वेण्या, बोटांच्या टोकांना सुताचा पिवळट रंग.

दाक्षायणीनं नीलाला हेडमास्तरांच्या टेबलावर बसवलं आणि ती मुलीसमोर उकिडवी बसली. "जगू, रागावत नाही मी. अठ्ठेचाळीस का खोडलंस?"

जगदेवीनं गुरुजींकडे पाहिलं. मग खाली. "शुक्रवारी शिकवणीत गुरुजींनी दहा उदाहरणं सांगितली. सरावाची म्हणून. म्हणाले, रीत विसरलीस तरी उत्तर विसरू नकोस. पेपरात तीच आली. मी माझं माझं सोडवलं. आठ जुळली, दोन जुळली नाहीत."

"मग?"

"गुरुजींचं कसं चुकेल?"

महिपती गुरुजींनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. पकडलं गेल्यापेक्षा त्यांना दुसऱ्याच गोष्टीनं गाठलं होतं. "तीस वर्षं," ते पुटपुटले. "तीस वर्षं मी असंच शिकवतोय हो. पंधरा वजा..." मग हेडमास्तरांना म्हणाले, "सात वर्षांत माझी एकही मुलगी शिष्यवृत्तीत आली नाही सर. ही येणार होती. सांगितलं नसतं तरी आली असती. मलाच धीर धरवला नाही."

"धीर धरवला नाही, आणि अकरा पोरी व्हरांड्यात बसून रडल्या!" हेडमास्तर गरजले. "आजपासून परीक्षेच्या कुठल्याही कागदाला हात लावायचा नाही. बाकी काय ते लेखी कळवेन." गुरुजी उठले, दारात जगदेवीच्या डोक्यावर ठेवायला हात उचलला आणि तसाच मागे घेऊन निघून गेले.

घड्याळात चारला दहा कमी होते.

"अकरा नावं लिहितो," हेडमास्तर म्हणाले. "आणि बाई, अहवालाचं... ते मी बघतो. पण ही बारावी नाही. हिला उत्तरं आधी ठाऊक होती. नियम म्हणजे नियम."

जगदेवी रडली नाही. सांधलेला दोरा तुटला की बोटं नवं टोक शोधतात, तशी तिची बोटं ओढणीच्या काठाशी हलत राहिली.

७

"नवं उदाहरण घाला," दाक्षायणी म्हणाली. "आत्ता, इथं, फळ्यावर. जे गुरुजींना ठाऊक नाही, मलाही ठाऊक नव्हतं, असं. आलं तर लिहा नाव."

तिनं खिडकीबाहेर पाहिलं. रेवणप्पा हौदातून बादली काढत होता. तिनं खडू उचलला.

शाळेच्या हौदात शंभर कळशा पाणी आहे. त्याचा एक पंचमांश भाग वापरला. मग जेवढं उरलं, त्याच्या शेकडा वीस इतकं पाणी पुन्हा ओतलं. आता हौदात किती कळशा पाणी?

जगदेवी क्षणभर फळ्याकडे नाही, खिडकीबाहेर हौदाकडे बघत राहिली. मग लिहिलं : शंभराचा पाचवा भाग वीस. उरले ऐंशी. ऐंशीचे शेकडा वीस, सोळा. एकूण शहाण्णव.

"चूक!" हेडमास्तर खुर्चीतून उठले. मुद्दाम नाही, अगदी मनापासून. "एक पंचमांश म्हणजेच शेकडा वीस, एवढं मलाही कळतं. वीस गेले, वीस आले. हौद भरला. शंभर! खोड ते."

दाक्षायणीनं जीभ दातांखाली धरली. एक शब्द बोलली असती तरी सगळं वाया गेलं असतं.

जगदेवीचा हात डस्टरकडे गेला. डस्टर उचललं. शहाण्णवावर टेकवलं. खडूची थोडी पांढरी भुकटी खाली पडली. टेबलावर नीला पेन्सिल चघळत होती, तेवढाच आवाज.

मग तिनं डस्टर परत ठेवलं.

"सर," ती इतक्या हळू म्हणाली की हेडमास्तरांना पुढे वाकावं लागलं, "चार कळशा कमीच आहेत. वीस गेले ते शंभराचे. आले ते ऐंशीचे. पाहिजे तर ओतून दाखवते."

"ओतू नकोस माय," खिडकीतून रेवणप्पा म्हणाला. "परवापासनं नळाला पाणी न्हाई, मी कसंबसं पुरवलो आहे."

हेडमास्तर बोटांवर मोजत बसले. एकदा. पुन्हा एकदा. मग त्यांनी नीलाच्या मुठीतून ओली पेन्सिल अलगद सोडवून घेतली, धोतराला पुसली आणि अकराव्या नावाखाली बारावं लिहिलं.

रेवणप्पा यादी घेऊन सायकलवर निघाला तेव्हा चारला दोन मिनिटं बाकी होती. फाटकापाशी अकराजणी घोळका करून थांबल्या होत्या. जगदेवी त्यांच्याकडे जाता जाता वळली.

"बाई, मग मोठ्या परीक्षेत आलं तर काय लिहायचं? तेवीस का चोवीस?"

दाक्षायणीनं झोप आलेल्या नीलाला खांद्यावर टाकलं, वाळलेल्या ओकारीवर नवी लाळ ओघळली. "चोवीस लिही," ती म्हणाली. "आणि खाली एक ओळ लिही, की मागावर तेवीसच होतात, आणि का ते. जागा पुरली नाही तर मागच्या पानावर लिही. पण जगू, खोडायचं नाही."